नागपुरात राहून पटकथा लिहायची आणि दिग्दर्शनही करायचं, तर…

एका तरुणीने विचारलेला प्रश्न थोडक्यात असा: वय २६, इंजिनीअरिंग झालंय, नागपूरच्या मिहान औद्योगिक प्रकल्पातल्या एका कंपनीत नोकरी आहे. कॉलेजात एकांकिका लिहिल्या आणि बसवल्या. आता नागपुरातल्या कळमन्याच्या संत्रा बाजारातल्या एका अडत्याच्या (शेतकऱ्याचा माल दलालीवर विकून देणाऱ्याच्या) मुलीवर पूर्ण लांबीची पटकथा लिहून होत आली आहे, सोबत तीन पानं जोडली आहेत. लेखक-दिग्दर्शकाचं आयुष्य प्रत्यक्षात कसं चालतं? फिल्म इन्स्टिट्यूट हवंच का? मुंबईला जावंच लागतं का? आणि नोकरी सोडायची कधी?

तू मला 'दादा' म्हटलंस, म्हणून एकेरीतच लिहितो.

आयुष्य कसं चालतं, याचं उत्तर आकड्यात आहे. आपल्याकडे कुणी सिनेमाचं नाव काढलं की घरचे लगेच राजकुमार हिरानींचं उदाहरण देतात, 'तो पण नागपूरचाच ना!' असं म्हणून. त्यांचा पहिला चित्रपट २००३ चा, सहावा २०२३ चा. वीस वर्षांत सहा. दिग्दर्शक सेटवर उभा असतो तो एका चित्रपटामागे फार तर काही महिने. उरलेला काळ लिहिणं, फाडणं, पुन्हा लिहिणं, नटांच्या तारखा, एडिट, डबिंग, मिक्सिंग. आणि हा हिशेब देशातल्या सगळ्यात यशस्वी माणसांपैकी एकाचा आहे. आमच्यासारख्यांच्या बाबतीत 'नटांच्या तारखा'च्या जागी 'निर्मात्याचा फोन' लिही, बाकी तेच. ज्याला टेबलाशी बसून महिनोन्‌महिने एकट्याने काम करणं सोसत नाही, त्याने दिग्दर्शक होण्यापेक्षा मुख्य सहायक दिग्दर्शक व्हावं. ते काम जास्त नियमित आहे, आणि चांगला मुख्य सहायक कधी रिकामा बसत नाही.

हिरानींचं उदाहरण घरचे देतात तेव्हा त्यातला मधला भाग गाळतात. फाळणीनंतर सिंधमधून आलेलं कुटुंब, वडिलांची नागपुरात टायपिंग इन्स्टिट्यूट. मुलगा कॉमर्सचा, सीए व्हावा अशी अपेक्षा, आणि त्याला नाद नाटकाचा. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये त्यांनी शिक्षण घेतलं ते संकलनाचं. नंतर मुंबईत संकलक म्हणून पोट भरणं, मग जाहिराती, चित्रपटांचे प्रोमो, २००० साली 'मिशन कश्मीर'चं संकलन. 'मुन्नाभाई एमबीबीएस' प्रदर्शित झाला तेव्हा वय ४१. म्हणजे नागपूर सोडल्यापासून पहिल्या चित्रपटापर्यंत जवळपास दोन दशकं गेली. पण तो काळ सिनेमापासून फार लांब गेला नाही, आणि तुझ्या प्रश्नाचं बरंचसं उत्तर मला तिथेच दिसतं. पोटाचं काम असं निवडायचं, की त्यातून रोज थोडा सिनेमा हाताखालून जाईल.

संकलनाची मी विशेष शिफारस करतो. संकलक दुसऱ्याने लिहिलेले, दुसऱ्याने चित्रित केलेले प्रसंग महिनाभर पुढे-मागे फिरवत असतो. कुठला संवाद काढला तरी काहीच बिघडत नाही, प्रसंगाची पहिली दोन मिनिटं कशी फुकट गेलीत, नटाच्या नुसत्या बघण्याने पानभर लिखाण कसं वाचतं, हे त्याला टेबलावर कळतं. हे ज्ञान पुस्तकातून येत नाही. लॅपटॉपवर संकलन शिकायला आता लाखो रुपये लागत नाहीत. धरमपेठेत, सदरमध्ये लग्नाचे व्हिडिओ, कोचिंग क्लासच्या जाहिराती, राजकीय पक्षांची रील्स करणारी छोटी ऑफिसं आहेत. शनिवार-रविवार तिथे बैस. लग्नाच्या सहा तासांच्या फुटेजमधून आठ मिनिटं काढताना नातेवाईक रुसू नयेत ही कसरत करून बघ, स्टुडिओच्या बैठका पुढे सोप्या वाटतील.

इन्स्टिट्यूट हवंच का? 'च' काढून टाक. पुण्याची संस्था १९६० पासून प्रभात स्टुडिओच्या जागेवर आहे, कोलकात्याची सत्यजित राय यांच्या नावाची संस्था १९९५ ची. दोन्हीकडे जागा मोजक्या, प्रवेश परीक्षा कठीण. मिळालं तर जरूर जा. तिथला खरा फायदा वर्गापेक्षा सोबत्यांचा असतो: छायालेखक, ध्वनिवाले, संकलक असे एकाच वयाचे, एकाच वेडाचे चारजण भेटतात आणि ते पुढची तीस वर्षं पुरतात. पण नागराज मंजुळेंनी पुण्या-कोलकात्याच्या संस्थेत पाऊल न ठेवता, अहमदनगरच्या कॉलेजात संज्ञापनाचा अभ्यासक्रम करताना 'पिस्तुल्या' हा लघुपट केला आणि त्याला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. तुझं वय २६ आहे, इंजिनीअरिंगचं कर्ज असेल-नसेल. एकदा परीक्षा दे, नाही झालं तर त्यावर आणखी वर्षं घालू नकोस. ते चारजण इथेही सापडतात, फक्त शोधावे लागतात. राज्य नाट्य स्पर्धेची प्राथमिक फेरी नागपूर केंद्रावर होते, तेव्हा नाटक बघून लगेच घरी पळू नकोस. प्रकाशयोजना कुणी केली, नेपथ्य कुणाचं, हे विचारून त्यांना जाऊन भेट.

आता तुझी तीन पानं.

मुलगी आणि बाप घरी समोरासमोर बसले आहेत आणि मुलगी म्हणते, 'बाबा, तुम्ही शेतकऱ्यांना लुबाडता, मला हे पटत नाही.' बाप म्हणतो, 'तुला धंद्यातलं काय कळतं?' असं दीड पान. संवाद वाईट नाहीत. एकांकिकेत चालले असते, कारण तिथे दोन माणसं आणि एक सोफा एवढंच हाताशी असतं. चित्रपटात तुझ्याकडे अख्खं कळमना आहे: ढिगांसमोर चाललेली हर्रास म्हणजे लिलाव, हमाल, काटा, ट्रकांची रांग, पहाटेचा थंडगार उजेड. एवढं सगळं बाहेर ठेवून तू त्यांना दिवाणखान्यात का बसवलंस?

त्यातही या विषयात तू हात न लावलेली एक गोष्ट आहे. महाराष्ट्रात २०१६ पासून फळं-भाजीपाल्यावरची अडत, म्हणजे अडत्याची दलाली, शेतकऱ्याकडून न घेता खरेदीदाराकडून घ्यायची, असा नियम झाला. तुझा अडत्या जुन्या वळणाचा आहे ना? मग तो ती रक्कम शेतकऱ्याच्या पट्टीत, म्हणजे विक्रीच्या हिशेबाच्या चिठ्ठीत, हमाली-तोलाईच्या ओळीत मुरवून कापत असेल. आता प्रसंग असा लिहून बघ: मुलगी गल्ल्यावर पट्ट्या लिहायला बसली आहे. काटोलकडचा एक म्हातारा शेतकरी समोर उभा. बाप हर्राशीच्या गर्दीतून ओरडून आकडा सांगतो. मुलगी क्षणभर थांबते आणि पट्टीवर खरा आकडा लिहिते. म्हाताऱ्याला वाचता येत नाही, तो पट्टी घडी घालून खिशात ठेवतो, पैसे मोजून घेतो, दोनदा मोजतो, कारण जास्त आलेत. मुलीकडे बघतो. ती दुसरी पट्टी लिहायला घेते. संध्याकाळी गल्ला जुळत नाही. बाप मुलीला काही विचारत नाही. स्वतःच्या खिशातून नोटा काढून गल्ल्यात टाकतो आणि कुलूप लावतो.

'पटत नाही' हे सांगायला एक शब्द लागला नाही. वर बाप नुसता खलनायक राहिला नाही. त्याने पैसे का घातले, भागीदाराला कळू नये म्हणून, की मुलीला वाचवायला, की लाजेने, हे तुला पुढच्या साठ पानांत लिहायला मिळालं. ही माहिती मला बाजार समितीच्या नियमातून मिळाली, प्रतिभेतून नाही. पहाटे कळमन्यात जाऊन उभी राहा, पट्टी कशी दिसते ते बघ, कोण कुणाला चहा पाजतो ते बघ.

भाषेबद्दल मला जरा जास्त बोलायचं आहे, कारण यावर माझं डोकं तापतं. तुझी पात्रं पानावर पुण्याची मराठी बोलतात आणि एकटा हमाल तेवढा 'काऊन बे, कुठं जाऊन राहिला?' म्हणतो. हे आपल्याच पडद्याने आपल्याला शिकवलंय. वऱ्हाडी-नागपुरी बोली आली की समजायचं, आता हशा येणार: वॉचमन, गावाकडचा मामा, बावळट मित्र. नागपुरीत माणूस घाबरत नाही का, प्रेमात पडत नाही का, बापाशी खोटं बोलत नाही का? अडत्या गिऱ्हाइकाशी हिंदीत, शेतकऱ्याशी वऱ्हाडीत, बँकेच्या साहेबाशी प्रमाण मराठीत आणि बायकोशी या तिन्हीच्या खिचडीत बोलतो. तो भाषा कुठे बदलतो, एवढ्यावरून त्याची सत्ता आणि त्याची भीती कळते. 'झुंड' या चित्रपटाच्या वेळी सोलापूर जिल्ह्यातून आलेल्या नागराज मंजुळेंनी नागपूरच्या वस्तीतली पोरं घेतली आणि त्यांची हिंदी-मराठी तशीच ठेवली. आपण इथले असून ती साफ करतो. वीरा साथीदार आपल्याच शहरातले कार्यकर्ते होते. 'कोर्ट' या चित्रपटातल्या लोकशाहिराच्या भूमिकेत त्यांनी अभिनयाच्या कुठल्याही ठरीव सुराशिवाय जे केलं, ते एकदा नुसतं कानाने ऐक, पडदा न बघता.

आणखी दोन ठिकाणी कान तयार होतील. एक, महेश एलकुंचवार. आयुष्यभर नागपुरात राहून त्यांनी लिहिलं, आणि त्यांच्या दोन नाटकांवरून १९८४ साली दोन हिंदी चित्रपट झाले. त्यांच्या नाटकांत माणसं महत्त्वाच्या गोष्टी सोडून भलतंच बोलत असतात, आणि महत्त्वाचं तेच असतं. दुसरं, झाडीपट्टी, म्हणजे पूर्व विदर्भातली गावोगावची नाटकं. दिवाळीनंतर वडसा-देसाईगंजच्या कंपन्या गावोगाव निघतात. मंडई (गावची जत्रा), शंकरपट (बैलांची शर्यत) असलं की रात्री नाटक ठरलेलं. रात्रभर चालतं. लांबचा प्रवास करून शहरी अभ्यासक येतात आणि 'लोककला' म्हणून टिपणं काढतात. तू टिपणं काढू नकोस. रात्री तीन वाजता, गारठ्यात, घोंगडी पांघरलेला प्रेक्षक का उठून जात नाही, एवढंच बघ. कुठल्या जागी गाणं येतं, विनोदी पात्र कधी आणलं जातं, रहस्य किती वेळ लपवून ठेवतात. मध्यंतरानंतर सैल पडणाऱ्या पटकथेला यापेक्षा चांगला दवाखाना नाही.

मुंबईला जावं लागतं का? लिहायला नाही. विकायला हो. हिरानींचे सहलेखक अभिजात जोशी अमेरिकेत ओहायोत प्राध्यापकी करत लिहीत आले, तेव्हा नागपूर काही फार लांब नाही. पण ओळख झाल्यानंतर लांबून काम होतं, ओळख व्हायच्या आधी होत नाही. आपल्या धंद्यात पटकथा वाचली कमी जाते, ऐकली जास्त जाते. त्याला नॅरेशन म्हणतात. निर्माता किंवा नट समोर बसतो, तू दोन तास गोष्ट सांगायची. मध्ये त्याचे फोन, चहा, कुणाचं तरी येणं. ईमेलने पाठवलेली पीडीएफ बहुतेकदा कुणी उघडत नाही. म्हणून नॅरेशनची तालीम कर, नाटकाची करतो तशी. गोष्ट चाळीस मिनिटांत, वीस मिनिटांत आणि लिफ्टमध्ये, अशा तिन्ही मापांत सांगता आली पाहिजे. वर्षातून तीन-चार वेळा आठवडाभर मुंबईत जा, आधी वेळा ठरवून. रात्रीच्या गाडीने सकाळी पोचता येतं, राहायला मैत्रिणीचा फ्लॅट बघ. अंधेरीत भाड्याची खोली घेऊन 'स्ट्रगल' करण्यात जे पैसे जातात, त्यात इथे वर्षभर लिहिता येतं.

जाण्याआधी स्क्रीनरायटर्स असोसिएशनचं सभासदत्व घे आणि पटकथा तिथे ऑनलाइन नोंदव. कॉपीराइट लिहिल्याक्षणी तुझाच असतो, नोंदणी हा तारखेचा पुरावा असतो. आणि हेही समजून घे की नुसत्या कल्पनेवर हक्क कुणाचाच नसतो. १९७८ साली सर्वोच्च न्यायालयाने आर. जी. आनंद यांच्या नाटकावरून झालेल्या खटल्यात हेच सांगितलं: कल्पना, विषय यांना संरक्षण नाही, त्यांच्या मांडणीला आहे. म्हणून 'अडत्याच्या मुलीची गोष्ट' एवढंच सांगत फिरू नकोस. ती तशी कुणाचीही आहे. पूर्ण पटकथा हातात असेल तेव्हाच बोल.

करारात तीन गोष्टी बघायच्या. कथा, पटकथा, संवाद अशी तीन वेगळी श्रेयं आपल्याकडे असतात. तुझी कोणती, हे कागदावर हवं, आणि पोस्टरवरही हवं. दुसरं, मानधन टप्प्याटप्प्याने मिळतं, आणि शेवटचा मोठा टप्पा हमखास 'चित्रीकरण सुरू होताना' असा लिहिलेला असतो. चित्रीकरण सुरूच झालं नाही तर? म्हणून तिसरी गोष्ट: अमुक वर्षांत चित्रपट सुरू झाला नाही तर हक्क लेखकाकडे परत, असं कलम. माझी एक पटकथा एका निर्मितीसंस्थेने पहिला हप्ता देऊन घेतली आणि कपाटात ठेवली. करत नाहीत आणि परतही देत नाहीत. परतीचं कलम मी मागितलं होतं, 'आमच्याकडे अशी पद्धत नाही' असं उत्तर आलं. पद्धत नसते, मागावी लागते. २०१२ च्या कायदादुरुस्तीने चित्रपटगृहाबाहेरच्या वापरावरची लेखकाची रॉयल्टी त्याला सोडूनही देता येत नाही असं केलं आहे. वसुली अजून कठीण आहे, पण 'सर्व हक्क कायमचे' अशा वाक्याखाली सही करताना एवढं माहीत असू दे. वकिलाला दाखव. हायकोर्टाचं खंडपीठ असलेल्या शहरात वकिलांची वानवा नाही.

मालिकांचे संवाद लिहायला मिळाले तर घ्यावेत का? घे, वर्षभर. रोज एक भाग द्यावा लागतो, एपिसोडची बँक, म्हणजे आधी तयार ठेवलेले भाग, संपली की सेटवरून फोन येतो आणि नट मेकअप करून बसलेला असतो. हात सुटतो, लाज जाते, पैसेही मिळतात. वर्षानंतर प्रत्येक पात्र प्रत्येक गोष्ट तीनदा बोलायला लागलं, की बाहेर पड.

दिग्दर्शन तू स्वतः करणार असशील तर लिहितानाच काही गोष्टी धराव्या लागतील. संत्र्याचा आंबिया बहार बाजारात साधारण ऑक्टोबर ते डिसेंबर, मृग बहार फेब्रुवारीनंतर. तुझ्या पटकथेत बाजार भरलेला दिसतो आणि पुढच्याच पानावर आषाढाचा पाऊस. हे एका शेड्यूलमध्ये होणार नाही. दोन वेळा युनिट बोलवायचं म्हणजे निर्माता पळाला. मेमध्ये पंचेचाळीस अंशांत दुपारी बारा ते चार बाहेर काम होत नाही, नट आणि कॅमेरा दोघंही तापतात. डिसेंबर सगळ्यात चांगला, पण तेव्हाच विधिमंडळाचं अधिवेशन असतं: हॉटेलं भरलेली, पोलीस बंदोबस्तात, रस्ते अडवलेले, मोर्चे. म्हणून इथले जाणते लोक नोव्हेंबर किंवा जानेवारी धरतात. मोठे लाइट, कॅमेऱ्याचे लेन्स अजून बरेचसे मुंबईहूनच मागवावे लागतात. समृद्धी महामार्गाचे ७०१ किलोमीटर गाडी लवकर कापते, पण भाड्यात बहुतेकदा प्रवासाचे दिवसही धरतात. त्यापेक्षा छोट्या कॅमेऱ्यावर, उपलब्ध उजेडात निघेल असा चित्रपट लिही. तुझ्या विषयाला पहाटेचा तो उजेड शोभणाराच आहे.

प्रदर्शनाबद्दल थोडक्यात. चित्रपट व्यापाराच्या नकाशावर आपण महाराष्ट्रात नसतो! वितरणाच्या जुन्या विभागणीत विदर्भ 'सीपी-बेरार' म्हणजे जुन्या मध्य प्रांत-वऱ्हाडच्या सर्किटमध्ये (वितरण विभागात) येतो, त्याची ऑफिसं परंपरेने अमरावतीत, आणि पश्चिम महाराष्ट्र मुंबई सर्किटमध्ये. मुंबईचा वितरक मिळाला म्हणजे नागपुरात पडदा मिळाला असं होत नाही. मराठी चित्रपटाला इथल्या मल्टिप्लेक्सात दुपारचा एखादा अडनिडा शो मिळतो आणि मग 'नागपूरचा प्रेक्षक मराठी बघत नाही' असा शेरा. दुपारी पावणेतीनला नोकरदार माणूस कसा येईल, हे कुणी विचारत नाही.

पहिला चित्रपट झाल्यावर सगळं सोपं होतं, असं तुला वाटत असेल. पहिल्याला सगळे हात देतात. मित्र फुकट काम करतात, बापाचा पीएफ निघतो, मामा गाडी देतो. दुसऱ्याला प्रत्येकजण बाजारभाव मागतो, आणि तो मागायचा त्याला अधिकारच आहे. बरेच गुणी दिग्दर्शक पहिल्या आणि दुसऱ्याच्या मधल्या खड्ड्यात हरवलेले मी पाहिलेत. त्यावर एकच उपाय दिसतो: पहिल्याचं एडिट चालू असतानाच दुसऱ्याची पटकथा लिहून पूर्ण ठेवायची. महोत्सवांची ओळखपत्रं गळ्यात घालून फिरण्यात दोन वर्षं निघून जातात.

राहता राहिली नोकरी. आत्ता सोडू नकोस. सकाळी सहा ते आठ लिहून, कामावर जाऊन, शनिवार-रविवार संकलन शिकून तुझी पटकथा आणखी दोन खर्ड्यांत उभी राहील. सोडायची वेळ कागदावर दिसते: एखाद्या लेखन-कराराचा पहिला हप्ता खात्यात जमा झालाय, आणि वर्षभराचा घरखर्च बाजूला पडलाय, या दोन्ही गोष्टी एकदम झाल्या की. नुसतं निर्मात्याचं 'करूया आपण' म्हणजे करार नव्हे. तोवर पट्टीचा तो एकच प्रसंग दहा मिनिटांचा लघुपट म्हणून शूट कर, त्याने तुझं नॅरेशन निम्मं होईल. बाजार समितीच्या परवानगीचा अर्ज आत्ताच टाक, आणि नोव्हेंबरच्या रजाही आत्ताच मागून ठेव. दिवाळीच्या आसपास तुझ्या ऑफिसात सगळ्यांनाच त्या हव्या असणार.